सममितीपंथ : अर्ध्यावरून पूर्ण ओळखू यावं अशा कलेचा आणि जगण्याचा मसुदा

मधला_बिंदू (धागाकर्ता):

गेली काही वर्षं एक कल्पना माझ्या डोक्यात घर करून आहे. अशी चळवळ कुठे अस्तित्वात नाही, ती मी कल्पिलेली आहे. पण उद्या कुणी ती खरंच सुरू करायची म्हटली तर तिचा जाहीरनामा काय असेल, हे मी लिहून काढलंय आणि इथे तपासायला ठेवतोय. नाव दिलंय सममितीपंथ.

पंथाचं सूत्र एवढंच: अर्ध्यावरून पूर्ण ओळखू आलं पाहिजे. चित्राचा अर्धा भाग झाकला तरी उघड्या भागावरून झाकलेला भाग जसाच्या तसा काढता यावा. इमारतीचं तसंच, गाण्याचं तसंच, वाक्याचंही तसंच.

हे मला का हवंय? सममिती म्हणजे निव्वळ सजावट, असं मी मानत नाही. माझ्या लेखी सममिती हा न्याय आहे. डावीकडे खिडकी उघडली की उजवीकडे ती उघडावीच लागते. मनात आलं म्हणून एकाच बाजूला जास्त रंग ओतता येत नाही. हा नियम स्वतःला लावून घेणाऱ्या कलाकाराच्या हातून लहरीपणा गळून पडेल, असं मला मनापासून वाटतं. शब्दच पाहा ना: सम आणि मिती, म्हणजे सारखं माप. ग्रीक शब्दाची फोडही अशीच होते, 'सोबत' आणि 'माप'.

त्यातून निघालेले नियम असे. कलाकृती आरशात धरली तरी बदलता कामा नये. चित्र दोन्ही हातांनी, एकाच वेळी काढावं. चित्रावर सही नसावी, कारण सही कोपऱ्यात बसते आणि तोल बिघडवते. वादात उतरणाऱ्याने आपली बाजू जितका वेळ मांडली तितकाच वेळ समोरच्याची बाजू मांडावी, तीही आपलीच असल्यासारखी. आणि पंथातल्या माणसाने स्वतःचं शरीरही याच शिस्तीत ठेवावं: केस, पोशाख, चालणं, चेहऱ्यावरचे भाव. वाकडेपणा हा दोष मानावा आणि तो सरळ करत राहावं.

आदर्श म्हणून माझ्या डोळ्यांपुढे ताजमहाल आहे. पश्चिमेला मशीद आहे, म्हणून पूर्वेला हुबेहूब तशीच दुसरी इमारत उभी केली. तिला नावच 'जवाब' आहे. तिच्यात मिहराब, म्हणजे नमाजाची दिशा दाखवणारा कोनाडा, नाही, कारण तिथे नमाज पढायची नव्हती. निव्वळ पश्चिमेला उत्तर द्यायला एवढा दगड रचला. ज्याला हे वेड वाटत नाही, तो माझ्या पंथातला.

कच्चे दुवे सापडतील ते मोकळेपणाने सांगा.


आरसपानी:

ताजचं उदाहरण घेतलंत म्हणून लगेच लिहिते. मधल्या दालनात बरोबर मध्यरेषेवर मुमताजची कबर आहे. १६६६ मध्ये शहाजहान गेला आणि त्याची कबर तिच्या शेजारी, पश्चिमेला ठेवली. त्या अख्ख्या परिसरात ठळकपणे सममिती मोडणारी गोष्ट तेवढी एकच, आणि ती अगदी गाभ्यात. तुमच्या पंथाने तिचं काय करायचं?


शून्यवर्तुळ:

मसुदा दोनदा वाचला. तळमळ कळते, पण पायाच अरुंद आहे. तुम्ही सममितीच्या मोठ्या घराण्यातली एकच बहीण निवडलीत, आरशातली.

गणितात सममिती हा वस्तूचा गुण म्हणून सुरू होत नाही, ती एक कृती असते. तुम्ही डोळे मिटा. मी टेबलावरचा चौरस उचलून, फिरवून किंवा उलटा करून परत ठेवतो. डोळे उघडल्यावर काही केलं होतं की नाही हे तुम्हाला सांगता आलं नाही, तर ती कृती त्या चौरसाची सममिती. अशा कृती चौरसाला ८ आहेत, समभुज त्रिकोणाला ६, आणि वर्तुळाला अगणित. 'काहीच न करणं' हीसुद्धा एक कृती धरतात, तिच्यावाचून हिशेब जुळत नाही.

आता ओल्या वाळूतून चालत गेलेल्या माणसाचे ठसे आठवा. डावा, उजवा, डावा, उजवा. आरसा मधोमध धरला तर हे ठसे जुळत नाहीत, कारण डाव्याच्या समोर उजवा नाही, तो एक पाऊल पुढे आहे. पण आरसा धरून वर एक पाऊल सरकवलं तर तंतोतंत जुळतात. याला सरकतं परावर्तन म्हणता येईल. तुमच्या नियमाने ही रांग नापास होते. मला तर चालण्याची सगळी लय त्या एका पावलाच्या सरकण्यात दिसते.

सपाट पृष्ठभाग भरून टाकणाऱ्या, पुन्हापुन्हा येणाऱ्या नक्षीचे सममितीनुसार फक्त १७ प्रकार होतात. रशियन स्फटिकशास्त्रज्ञ येवग्राफ फेदोरोव यांनी हे १८९१ मध्ये सिद्ध केलं. रंग, फुलं, तारे हवे तितके बदला, सांगाडा त्या १७ पैकीच एक असतो. आणि त्या १७ पैकी काहींमध्ये आरसा नावालाही नाही, नुसतं फिरणं किंवा सरकणं आहे. ग्रानादातल्या अल्हंब्रा राजवाड्याच्या भिंती पाहाव्यात. तिथल्या कित्येक नक्ष्या एका दिशेने झुकलेल्या, भिंगरीसारख्या आहेत. आरशात त्या उलट्या फिरतील. मग त्या तुमच्या पंथाबाहेर का?

सममिती केवढी खोल जाते तेही सांगतो. १९१८ मध्ये गणितज्ञ एमी नोएथर यांनी दाखवलं की निसर्गनियमांच्या प्रत्येक सलग सममितीमागे एक न बदलणारी राशी असते. नियम काल होते तेच आज आहेत, म्हणून ऊर्जा टिकते. इथे आहेत तेच तिथे आहेत, म्हणून संवेग (वस्तुमान गुणिले वेग) टिकतो. कुठल्याही दिशेला तोंड केलं तरी तेच, म्हणून कोनीय, म्हणजे फिरण्याचा, संवेग टिकतो. यात डावं-उजवं कुठेच नाही. काहीतरी बदलायचं आणि काय बदललं नाही ते पाहायचं, एवढंच आहे. जाहीरनाम्याचं पहिलं वाक्य तिथून निघायला हवं.


रंधा:

मी लाकडात काम करतो, तेव्हा अनुभवाचं सांगतो.

मोठ्या कपाटाच्या दोन दारांना एकाच ओंडक्याचं विनियर लावायचं असतं. ओंडक्यातून एकापाठोपाठ एक निघालेले दोन पातळ पापुद्रे घ्यायचे आणि पुस्तकाची पानं उघडावीत तसे शेजारीशेजारी उघडून ठेवायचे. डावीकडच्या रेषेला उजवीकडे तशीच रेषा, डावीकडच्या गाठीला उजवीकडे गाठ. हे पहिल्यांदा माझ्या हातून जमलं तेव्हा मी बराच वेळ नुसता बघत बसलो होतो. तुमच्या 'जवाब'चं सुख मला तिथे मिळालं.

पण पॉलिशचा दुसरा हात दिला आणि एक दार काळपट दिसायला लागलं. मला वाटलं पॉलिशमध्येच चूक झाली. परत घासलं, परत चढवलं, पुन्हा तेच. मग सहज म्हणून दाराच्या त्या बाजूला जाऊन उभा राहिलो तर आता दुसरं दार काळपट, पहिलं झळाळतंय. लाकडाचे तंतू पृष्ठभागाला अगदी समांतर नसतात, थोडे तिरके असतात. एक पापुद्रा उलटा केला की त्याचे तंतू दुसऱ्या दिशेला झुकतात, त्यामुळे उजेड एकावरून डोळ्यांकडे येतो आणि दुसऱ्यावरून दुसरीकडे जातो. रेषा जुळल्या, तेज जुळलं नाही. आणि लाकूड तेच असेपर्यंत ते जुळणारही नाही.

गिऱ्हाइकाला हे समजावताना नाकी नऊ आले. त्यांचं म्हणणं, एक दार बदलून द्या. पण बदलणार काय? दोष कुठल्याच दारात नव्हता.


उलटी_ओळ:

वाक्याला सममिती लावायची म्हटल्यावर राहवलं नाही.

'रामाला भाला मारा' आणि 'ती होडी जाडी होती' ही लहानपणापासून पाठ असलेली वाक्यं सरळ वाचा किंवा उलट, अक्षराला अक्षर जुळतं. 'चिमा काय कामाची' मात्र कडक परीक्षेत अडखळतं, सुरुवातीला ऱ्हस्व चि आहे आणि शेवटी दीर्घ ची.

यावर कळस म्हणजे संस्कृत कवी भारवीच्या किरातार्जुनीय या महाकाव्याच्या पंधराव्या सर्गातला सर्वतोभद्र श्लोक. चार चरण, प्रत्येकी ८ अक्षरं. पहिला चरण 'देवाकानिनिकावादे'. एकेक अक्षर सुटं करून पाहा: दे वा का नि, नि का वा दे. प्रत्येक चरण असाच मधोमध दुमडलेला आहे. आता चार चरण एकाखाली एक लिहा आणि पहिला उभा रकाना वरून खाली वाचा. दे, वा, का, नि. पहिल्या ओळीचा पूर्वार्धच उभा राहतो. चरण खाली उलट्या क्रमाने पुन्हा लिहिले की ८ बाय ८ चा पट होतो आणि तो चारही बाजूंनी एकच वाचला जातो. मी एकदा कागदावर चौकटी आखून हिशेब केला: ६४ घरांपैकी कवीने मोकळेपणाने निवडायची घरं फक्त १०. बाकीची ५४ आपोआप ठरतात. तरी त्यातून युद्धाचं वर्णन उभं राहतं. नियम इतके घट्ट आवळल्यावर भाषेतून काय बाहेर येतं, ते बघायला तरी असा पंथ हवा, असं माझं मत आहे.

एक अडचणही सांगते. ही सममिती लिपीतली आहे. 'रामाला भाला मारा' ध्वनिमुद्रित करून उलटं वाजवा. 'रा' उलटा ऐकला की 'आर' होतो, 'मा'चा 'आम' होतो. कानाला ते वाक्य ओळखूच येणार नाही. आणि आरशासमोर देवनागरी बहुतेक हरतेच. प, म, स यांचा दंड उजवीकडे, क ची शेपटी उजवीकडे. बऱ्यापैकी टिकणारं असं मला 'ठ' हे एकच अक्षर सापडलंय.


षड्ज:

उलटी_ओळ यांच्या शेवटच्या परिच्छेदाला जोडून. ऑस्ट्रियन संगीतकार हायडनच्या ४७ व्या सिम्फनीत (१७७२) मिन्युएट नावाच्या नृत्याच्या चालीतला एक भाग आहे, त्याचा दुसरा भाग म्हणजे पहिला भाग शेवटच्या स्वराकडून वाचलेला. कागदावर चोख सममिती. पण छेडलेली तार आधी खणकन वाजते आणि मग हळूहळू विरते. विरण्यापासून सुरू होऊन खणकन संपणारा स्वर कुठलंच वाद्य स्वतःहून देत नाही. स्वरांचा क्रम उलटतो, स्वर उलटत नाही. तबल्याच्या एका थापेलाही अलीकडचं-पलीकडचं असतंच.


स्फटिक:

मी विरोधी बाजूचा आहे, हे आधीच सांगून टाकतो.

'परिपूर्ण सममिती' हे तुमचं ध्येय आहे ना? मग ती नेमकी कशात असते ते पाहू. शून्यवर्तुळ यांची व्याख्या घेतो: जितक्या जास्त कृती करूनही फरक कळत नाही, तितकी सममिती जास्त. हिमकण सहा बाजूंचा, रेखीव, सगळ्यांच्या तोंडी सममितीचं उदाहरण म्हणून असलेला. त्याच्या कृती मोजा, सपाट आकृती धरली तर १२ भरतात. आता तो वितळू द्या. पाण्यात सगळ्या दिशा सारख्या. कुठल्याही कोनातून फिरवा, फरक नाही. म्हणजे पाणी हिमकणापेक्षा जास्त सममित आहे. गोठताना पाणी सममिती गमावतं, आणि गमावलेल्या सममितीतूनच तो रेखीव आकार येतो.

हेच कागदाला लावा. कागदावरची सगळ्यात सममित गोष्ट कोरा कागद. त्यावर पहिला ठिपका पडला की कागद सरकवल्याचं कळायला लागतं, पहिली रेघ पडली की फिरवल्याचं. तुमच्या पंथाचा सर्वांत निष्ठावान चित्रकार काहीच काढणार नाही.

पिएर क्युरी यांनी १८९४ मध्ये हे फार नेमकं मांडलं होतं. त्यांच्या मांडणीचा गाभा असा की काही घडायचं असेल तर कुठली तरी सममिती हजर नसावी लागते. सगळीकडे सगळं सारखं असेल तर उष्णता वाहणार नाही, वारा सुटणार नाही, काहीच होणार नाही.

आणि जीवन तर एका बाजूलाच झुकलेलं आहे. पाश्चर यांनी १८४८ मध्ये टार्टारिक आम्लाच्या एका क्षाराचे स्फटिक भिंगाखाली चिमट्याने वेगळे केले. अगदी सारखे, पण एक जात दुसरीचं आरशातलं रूप. एका ढिगाचं द्रावण ध्रुवित (एकाच पातळीत कंप पावणाऱ्या) प्रकाशाची पातळी एकीकडे वळवी, दुसऱ्याचं उलट बाजूला, आणि सारखं मिसळलं तर अजिबात नाही. आपल्या प्रथिनांतली अमिनो आम्लं जवळजवळ सगळी डाव्या जातीची आहेत.

शरीराचंही तेच. गर्भात अगदी सुरुवातीला सूक्ष्म केस एकाच दिशेने गरगरतात, त्यांनी द्रव डावीकडे ढकलला जातो आणि तिथून हृदय कुठे झुकणार हे ठरतं. साधारण दहा हजारांत एका माणसाचे सगळे अवयव आरशातल्यासारखे उलट बाजूला असतात आणि तो बहुधा ठणठणीत असतो. पण क्वचित दोन्ही बाजू सारख्याच घडतात, म्हणजे उदाहरणार्थ दोन्ही फुप्फुसं उजव्यासारखी तीन खंडांची होतात. अशा बाळांच्या हृदयात बहुतेक वेळा गंभीर दोष असतो. म्हणजे हृदयाला डावं चालतं, उजवं चालतं, मात्र सममित चालत नाही.


मधला_बिंदू:

स्फटिक, तुमचा प्रतिसाद वाचून काल रात्री मला झोप लागली नाही. कोऱ्या कागदाचा मुद्दा मला खोडता येत नाहीये. रशियन चित्रकार मालेविच यांनी १९१८ मध्ये पांढऱ्यावर पांढरा चौरस काढला, तोही त्यांनी मुद्दाम तिरका आणि मध्यापासून ढळलेला ठेवला, हे आठवलं. कदाचित त्यांनाही तिथे पोचल्यावर हेच जाणवलं असेल.

तरी एक म्हणावंसं वाटतं. कोरा कागद आणि कमान यांच्यात मला कमान हवी आहे. म्हणजे 'जास्तीत जास्त सममिती' हे माझं ध्येय नव्हतंच, मी शब्द चुकीचा वापरला. 'परिपूर्ण' हा शब्द मी मागे घेतो. त्याच्या जागी काय ठेवायचं ते अजून सुचत नाही.

आरसपानी, तुमच्या प्रश्नाचं उत्तर मी टाळत होतो. ती दुसरी कबर हलवावी असं मला कधीच वाटलेलं नाही. असं का, ते मात्र सांगता येत नाही.


नदीकाठ:

मी इथे फक्त वाचत असते, पण जाहीरनाम्यातलं शरीराबद्दलचं कलम वाचून लिहिणं भाग पडलं.

चार वर्षांपूर्वी एका सकाळी चूळ भरताना पाणी तोंडाच्या उजव्या कोपऱ्यातून आपोआप ओघळलं. आरशात पाहिलं तर अर्धा चेहरा माझं ऐकत होता, अर्धा नाही. चेहऱ्याच्या नसेचा लकवा. उजवा डोळा मिटेना, म्हणून रात्री पापणीवर चिकटपट्टी लावून झोपायचे. मग महिनोन्महिने आरशासमोर बसून व्यायाम. भुवया वर, गाल फुगवा, दात दाखवा, शीळ घाला. डावा गाल बोटांनी हलकेच धरून ठेवायला सांगितलं होतं, कारण चांगली बाजू जोर लावून दुबळ्या बाजूलाही स्वतःकडे ओढून नेते. एके दिवशी उजव्या ओठाचा कोपरा तांदळाएवढा हलला. त्या दिवशी मी रडले.

त्यामुळे, मधला_बिंदू, तुम्हाला सममिती किती प्रिय आहे ते मला इथल्या कुणापेक्षाही जास्त कळतं. ती मला भिकेसारखी मागावी लागली होती. आता पुष्कळशी परत आलीय. पण अजून मी हसले की उजवा डोळा आपोआप बारीक होतो, आणि तो तसाच राहणार आहे. मध्यंतरी ओळखपत्राच्या फोटोसाठी बसले तेव्हा फोटो काढणाऱ्याने तीनदा सांगितलं, "सरळ बघा, तोंड वाकडं करू नका." मी करत नव्हते.

'वाकडेपणा हा दोष मानावा' हे वाक्य कागदावर एक आणि माणसाच्या तोंडावर दुसरंच असतं. तुम्ही न्यायाबद्दल लिहिलंय. मग चांगल्या बाजूने दुबळ्या बाजूला ओढू नये, हाही न्यायच ना?


मधला_बिंदू:

नदीकाठ, ते कलम मी या क्षणी काढून टाकलं. मूळ मसुद्यात ते तसंच दिसेल, कारण तुमच्या प्रतिसादाला संदर्भ राहायला हवा. पण पंथात ते नाही. ते लिहिताना माझ्या डोळ्यांपुढे संगमरवर होता, माणूस नव्हता. मला क्षमा करा.


शून्यवर्तुळ:

मी परत रंधा यांच्या दारांकडे येतो, कारण त्यांच्या लक्षात आलं नसेल पण या सगळ्या गुंत्याची किल्ली त्यांनी दिली आहे.

एक दार काळपट दिसतं. पलीकडे जाऊन उभं राहिलं की दुसरं काळपट दिसतं. रंधा म्हणतात सममिती मोडली. मी म्हणतो मोडली नाही, ती मोठी झाली. फक्त दारं आरशात धरली तर जुळत नाहीत. पण दारं आणि बघणारा दोघांनाही आरशात धरा: जुळतात! तुम्ही डावीकडून जे पाहता तेच मी उजवीकडून पाहतो. जे मी स्वतःला सममितीच्या बाहेर उभा धरत होतो, ते चुकीचं होतं. बघणाऱ्याला आत घ्यावं लागतं.

तत्त्वज्ञानात याच्या उलट टोकाचा एक प्रसंग आहे. मॅक्स ब्लॅक यांनी १९५२ मध्ये अशा विश्वाची कल्पना मांडली की ज्यात अगदी एकसारखे दोन गोल आहेत आणि बाकी काहीही नाही. त्यातल्या एकाला 'अ' म्हणून दाखवा. दाखवता येत नाही. जे काही एकाबद्दल बोलाल ते दुसऱ्याबद्दलही खरं. एकाला नाव द्यायचं तर कुणीतरी कुठेतरी उभं राहिलं पाहिजे, आणि ते उभं राहिलं की सममिती गेली. निखळ सममितीच्या जगात कुणाला हाक मारता येत नाही. मला ताजमधली ती दुसरी कबर इथे आठवली. तिथे कुणीतरी विशिष्ट माणूस आहे.

म्हणून माझी सूचना अशी, की पंथाचं सूत्र आरशाऐवजी अदलाबदलीवर उभं करा. तुमचाच वादाचा नियम बघा: आपली बाजू मांडली तितका वेळ समोरच्याची मांडायची. तो आरसा नाहीच, ती जागांची अदलाबदल आहे. आख्ख्या मसुद्यातलं ते सगळ्यात मोलाचं वाक्य आहे आणि तुम्ही ते घाईत उरकलंत.

निसर्गही आरशाची हमी देत नाही, हे जाता जाता. ली आणि यांग या भौतिकशास्त्रज्ञांनी १९५६ मध्ये तशी शंका काढली. वू चिएन-शिउंग यांच्या प्रयोगात अतिशीत कोबाल्ट-६० च्या केंद्रकांतून इलेक्ट्रॉन दोन्हीकडे सारखे बाहेर पडत नाहीत, एकीकडे जास्त पडतात हे दिसलं, आणि १९५७ पासून डावं-उजवं यात निसर्ग भेद करतो हे मान्य झालं.


उलटी_ओळ:

मला ही पडती भूमिका पटत नाही. धागा 'सगळंच थोडं वाकडं असावं' याकडे सरकतोय. कडक नियमाचं काही मोल आहे की नाही? भारवीने ५४ घरं बांधून घेतली नसती तर त्या १० घरांचा एवढा विचार झाला असता का? नदीकाठ यांचं म्हणणं शंभर टक्के मान्य, माणसाला मोजपट्टी लावू नये. पण कागदाला लावावी, आणि पूर्ण लावावी. चित्रात सूट मागू नका.


स्फटिक:

उलटी_ओळ, कागदाला पूर्ण लावली की कोरा कागद उरतो, हे मी वर दाखवलंय. तुम्हाला हवाय तो काटेकोरपणा. तो आणि सममिती एकच नव्हेत.


उलटी_ओळ:

सर्वतोभद्र कोरा नाही. त्यात युद्ध आहे.


रंधा:

सहीबद्दल माझा एक अनुभव आहे. आमच्या कामात सही करतच नाहीत, पण मला ज्यांनी काम शिकवलं ते दार बसवायच्या आधी आतल्या कडेवर, जिथे बिजागरी बसते त्या खाचेत, पेन्सिलने एक बारीक खूण करत. बिजागरी बसली की खूण झाकली जाते. बाहेरून दोन्ही दारं सारखीच. कुणी पुढे कधी दुरुस्तीला दार उतरवलं तर त्याला कळतं की हे डावं आहे आणि ते कुणी केलंय.

त्या गिऱ्हाइकाला शेवटी मी हाताला धरून इकडून तिकडे चालवलं. काळपटपणा एका दारावरून दुसऱ्यावर जाताना त्यांनी पाहिला. मग दार बदलायचा विषय निघाला नाही. हल्ली पाहुण्यांना तेच चालून दाखवतात म्हणे.


मधला_बिंदू:

पंथाचं पहिलं वाक्य बदललंय. 'अर्ध्यावरून पूर्ण ओळखू आलं पाहिजे' याच्या जागी: 'दुसऱ्या बाजूला जाऊन उभं राहा आणि तिथून काय तसंच राहिलं ते सांगा.' चित्र, इमारत, वाद, तिघांनाही ते लागू पडतं. सहीची बंदी उठवली, रंधा यांच्या बिजागरीप्रमाणे ती झाकलेली चालेल. भिंगरीची नक्षी, पावलांचे ठसे आत आले. उलटी_ओळ आणि स्फटिक यांचा वाद मला सोडवता येत नाही, म्हणून दोघांचंही म्हणणं मसुद्यात शेजारीशेजारी, सारख्याच लांबीचं ठेवणार आहे. दोघांनी प्रत्येकी एक परिच्छेद लिहून द्यावा, पण एकमेकांच्या बाजूने.

आज दोन्ही हातांनी चित्र काढून पाहिलं. मधोमध उभी रेघ दुमडून घेतली, दोन्ही हातांत एकेक पेन्सिल, वरून एकदम सुरुवात केली आणि बाहेर उघडत गेलो. आश्चर्य म्हणजे हात आपसूक एकमेकांचं आरशातलं रूप होऊन चालतात, शिकवावं लागत नाही. दोन्ही हात एकाच दिशेला न्यायचे म्हटलं तर अडखळतात. खाली पोचेपर्यंत उजवा हात थोडा आधी आला होता, डावा मागे राहिला होता आणि त्याची रेघ जरा थरथरलेली होती.

मग कागद दुमडून खिडकीच्या काचेवर धरला. वरचा बराचसा भाग एकच रेघ होऊन दिसला. खाली खाली ती फाटत जाऊन दोन झाल्या होत्या, एक ठाम, एक थरथरती. पूर्वी मी तिथे खोडरबर घेतलं असतं. आज नदीकाठ यांचं वाक्य आठवलं आणि उजव्या हाताने डाव्याची रेघ सुधारली नाही. उद्या तोच कागद पुन्हा घेणार आहे, या वेळी डाव्या हाताच्या वेगाने.


नदीकाठ:

काढून झालं की इथे टाका. खिडकीवर धरलेलाच फोटो टाका, दोन्ही रेघा दिसतील असा.